बिनभाराचे खांब

आमच्या पेठेला अखेर ‘हेरिटेज लूक’ मिळाला. मारुतीच्या पारापासून जुन्या मंडईपर्यंत दोन्ही बाजूंच्या दुकानांपुढे फायबरचे खांब उभे राहिले. सुरूच्या घाटाचे, वर हस्त, हस्तांवर महिरप, महिरपीच्या मधोमध केळफूल. रंग चॉकलेटी. सागवान वाटावं म्हणून ब्रशने रेषाही ओढल्यात. सामान उतरवायला जागा हवी म्हणून त्याआधी दोन वाडे पाडले. त्यांत अगदी असेच खांब होते. फक्त ते लाकडाचे होते.

मी रोज या खांबांकडे बघतो. वाड्याचा खांब दगडी तळखड्यावर उभा असायचा, म्हणजे जमिनीची ओल लाकडाला लागू नये. डोक्यावर तुळई, तुळईवर कड्या, कड्यांवर पाट, पाटांवर माती आणि त्या मातीवर धान्याच्या कणग्यांसकट अख्खं कुटुंब. नव्या खांबाला तळखडा नाही, कारण त्याला जमीनच नाही. पेव्हर ब्लॉक बसवताना उतार चुकला, त्यामुळे बरेचसे खांब जमिनीपासून चार बोटं वर राहिलेत. वरच्या महिरपीला ते नटबोल्टने लटकावलेत. खांबाने महिरप धरायची, ही जुनी रीत. आमच्याकडे महिरपीने खांब धरलाय.

कामावरच्या अभियंत्याला मी हे दाखवलं. तो शांतपणे म्हणाला, ‘‘अहो काका, हा लोडच घेत नाही. मग पडेल कसा? वाड्यातले खांब लोड घेत होते, म्हणून तर धोकादायक ठरले.’’

या उत्तरावर मी अजून विचार करतोय, आणि जितका करतो तितकं ते खोल वाटतं. भार घेतला की माणूस, खांब, कारकून, कोणीही धोकादायक ठरतो. न घेतला की तो सुशोभीकरणात मोडतो. वारसा जतनासाठी गावात समिती आहे. तिच्या बैठकीचा फोटो पाहिला तर सगळे कसे ओळीत, सरळ, चॉकलेटी सफारीत, आतून पोकळ आणि जमिनीपासून चार बोटं वर. त्यातला एकही पडायचा नाही, याची मी हमी देतो. फायबरच्या खांबांना तर कंत्राटदाराने लेखी हमी दिलीय, पाच वर्षांची. पाडलेल्या वाड्यांच्या खांबांना कोणी हमी दिली नव्हती, म्हणून ते बापडे पेशवाईपासून उभेच राहिले. पोकळपणाचे फायदेही आहेत. मोबाइल कव्हरवाला त्यात माल ठेवतो, चहावाल्याने स्टूल ठेवलंय, उंदरांनी दोन मजले चढवलेत आणि शाळा सुटली की पोरं ओळीने टकटक वाजवत जातात. कासाराने आपल्या वाट्याच्या खांबाला खिडकी पाडून कुलूप लावलं, तेव्हा त्याला नोटीस आली: वारसा घटकात विनापरवाना बदल.

वारसा घटक! मुंबईत वारसा इमारतींची नियमावली 1995 मध्ये आली, श्रेण्या ठरल्या, कुठल्या श्रेणीत काय बदलायचं नाही ते ठरलं. आमच्या गावात अनेक बैठकांनंतर यादी तयार झाली आणि यादीत नाव येणार अशी कुणकुण लागताच मालकांनी रातोरात वाडे उतरवले. त्यांना शिव्या देणं सोपं आहे. भाडी बांधली गेली 1947च्या कायद्याने, तीही 1940च्या दराला. 1999च्या कायद्याने वर्षाला चार टक्के वाढ दिली. चाळीस रुपये भाड्यावर होतात एक रुपया साठ पैसे. एवढ्यात मालकाने माळवद लिंपायचं, कडी बदलायची आणि वर तुमच्या-आमच्या सेल्फीसाठी नक्षी पुसून ठेवायची. त्याला दुरुस्तीला दमडी कोणी दिली नाही. दिला तो सल्ला: सिमेंट मारून घ्या.

इथे माझा तोल जातो. गूळ, हिरडा, बेलफळ घालून मळलेला चुना भिंतीतली ओल बाहेर जाऊ देतो. त्यावर सिमेंटचा गिलावा थापला की ओल आत कोंडते, लोणा फुटतो, भिंतीत शिरलेली तुळयांची टोकं कुजतात. मग तेच सल्लागार येऊन ‘बांधकाम जुनं झालंय’ असं लिहून जातात. जुनं झालं नव्हतं हो, तुम्ही त्याचा श्वास कोंडलात! घाणीवर चुना मळणारी माणसं गावात होती. त्यांच्या हाताला काम दिलं असतं तर एक आख्खी आळी वाचली असती. त्या रकमेत आम्ही केळफुलांचे साचे घेतले.

खऱ्या खांबांचं काय झालं, असं विचाराल. ते सुखरूप आहेत. हायवेवरच्या ‘वाडा’ नावाच्या हॉटेलात एसीमध्ये उभे आहेत. तिथे पिठलं-भाकरीच्या ताटाचं बिल पाहिलं तर ते पुन्हा भार घेऊ लागलेत हे कळतं. तो भार आता आपल्यावर येतो, एवढाच फरक.

आता दुसरा टप्पा. पाडलेल्या वाड्यांच्या मोकळ्या जागांना पत्रे मारलेत आणि पत्रे विद्रूप दिसतात म्हणून त्यांवर त्याच वाड्यांचे मोठे फोटो फ्लेक्सवर छापून लावायचे ठरलंय. फोटो पाडण्याच्या आदल्या दिवशीचे, कार्यालयानेच पंचनाम्यासाठी काढलेले. नमुना मंजुरीला गेला तेव्हा दिंडी दरवाजावर चिकटवलेली ‘इमारत धोकादायक आहे, आत जाऊ नये’ ही नोटीस स्पष्ट दिसत होती. साहेबांनी शेरा मारलाय की नोटीस कॉम्प्युटरवर पुसून टाकावी आणि तिच्या जागी तोरण दाखवावं.