माळ्यावर मुक्काम ठोकलेल्या नाताळवृक्षास अनावृत पत्र

भाद्रपद शुद्ध तृतीया

प्रति,
श्रीमान कृत्रिम नाताळवृक्ष,
मुक्काम माळा, कौलारू घर,
आंबेनळी घाटाचा पायथा, पोलादपूर-महाड परिसर.

विषय : माळ्यावरील वाढलेल्या मुक्कामाबाबत.

स. न. वि. वि.

माळा, म्हणजे कोकणातील घरात कौलांखाली फळ्या टाकून केलेली साठवणीची जागा. तेथील जुन्या रहिवाशांच्या, म्हणजे गणपतीचा चौरंग, इरल्याचा सांगाडा, पितळी समया आणि थर्माकोलचे मखर यांच्या वतीने वृक्षमहोदयांस कळविण्यात येते की, त्यांच्या येण्याबद्दल कोणाचीही तक्रार नाही. तक्रार आहे ती त्यांच्या न जाण्याबद्दल.

महोदयांचा कुलवृत्तांत पाहता ते सूचिपर्णी, म्हणजे सुईसारख्या पानांच्या, वृक्षकुळाचे वारस असल्याचे भासवितात. परंतु आंबेनळीच्या दोन्ही अंगांस हिरडा, जांभूळ, अंजन असे रान असून त्यात हे कुळ निसर्गतः उगवत नाही. त्यांच्या पानांचे मूळ पॉलिव्हिनिल क्लोराइड या प्लॅस्टिकमध्ये आहे, ज्याचा पातळ पापुद्रा बारीक कातरून दोन तारांच्या पिळात धरला की फांदी तयार होते. बाटली धुण्याचा ब्रशही असाच बनतो, त्यामुळे महोदयांचे सख्खे नातलग वनात नसून मोरीत आहेत. गोव्यात नाताळला सुरूची फांदी आणण्याची रीत आहे आणि ती फांदी सण सरताच मुकाट्याने वाळून जाते, एवढे नमूद करून वंशाचा विषय येथेच सोडलेला बरा.

पाश्चात्त्य ख्रिस्ती परंपरेत ६ जानेवारी, म्हणजे पूर्वेकडील ज्ञानी पुरुष बाळ येशूच्या दर्शनास आल्याचा सण, ही सजावट उतरविण्याची रूढ मुदत मानली जाते. या घरात मात्र संक्रांतीची सुगडी मांडायला कोपरा लागेपर्यंत महोदय जागचे हलत नाहीत. त्यानंतर शेंड्याचा तारा, दिव्यांची माळ, रंगीत गोळे या क्रमाने त्यांचा साज उतरतो, बिजागरीवरच्या फांद्या एकेक करून वर दुमडल्या जातात, खांबाचे तीन तुकडे होतात आणि मग असे आढळते की, ज्या खोक्यातून ते प्रथम अवतरले त्या खोक्यात ते पुन्हा कधीही मावत नाहीत. अखेर जुन्या लुगड्याच्या काठांनी आवळून त्यांस शिडीवरून वर चढविले जाते, त्या वेळी हिरव्या सुयांचा जो सडा पडतो तो शिमग्यापर्यंत केरसुणीला पुरतो.

वर पोहोचल्यावर खरा प्रश्न सुरू होतो. ज्या महाबळेश्वरी सावित्री नदी उगम पावते तेथे वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि त्याच ढगांची ओल घाटाखालच्या कौलांतून झिरपते. प्लॅस्टिकला तिचे काही वाटत नसले तरी आतल्या तारेला वाटते, आणि त्या गंजाचे तपकिरी डाग शेजारच्या चौरंगावर उमटतात. शिवाय जुलै २०२१ च्या पुरात महाडची बाजारपेठ पाण्याखाली गेल्यापासून या मुलखात माळ्याच्या प्रत्येक फळीला मोल आले आहे. थर्माकोलचे मखर तर निव्वळ अडचणीत सापडले आहे, कारण २३ मार्च २०१८ च्या राज्य शासनाच्या अधिसूचनेने प्लॅस्टिक व थर्माकोलच्या अनेक वस्तूंवर बंदी आल्यापासून त्यास मिरवता येत नाही आणि टाकावे कोठे हे कोणास सुचत नाही.

या मुलखास सण उभारण्याइतकेच ते मोडणेही येते. शिमग्याला रानातून वाजतगाजत आणलेले झाड होमात जाते, गणपती डोक्यावरून पाण्यात जातो, आणि रिकामा पाट घेऊन परतणाऱ्यांचा आवाज बसलेला असतो. ‘पुढच्या वर्षी लवकर या’ ही विनवणी गेलेल्यासच करता येते. जो वर्षभर डोक्यावरच्या फळीवर आडवा पडून आहे त्यास ती कोणत्या तोंडाने करावी, याचा खुलासा महोदयांनी करावा.

उद्या चतुर्थी असल्याने चौरंग खाली न्यावयाचा आहे. तरी महोदयांनी आपला मुक्काम सत्वर हलवावा, ही विनंती.

कळावे,
माळ्यावरील जुने रहिवासी

ता. क. : महोदयांच्या खालून तिसऱ्या फांदीत उंदरीण व्याली असून तिने मखराचे दाणे कुरतडून आत गादी केल्याचे आताच निदर्शनास आले. पिल्लांचे डोळे उघडेपर्यंत वरील विनंती स्थगित समजावी.