पुरे न म्हणणारा पाहुणा

नाशिकच्या गॅलऱ्यांमध्ये तहानेने मेलेला ओरेगॅनो शोधावा लागेल. मरतात ते सगळे लाडाने. नर्सरीतून वीतभर रोप येतं, तुळशीशेजारची जागा मिळवतं आणि दुसऱ्या दिवसापासून त्याचा पाहुणचार सुरू होतो. तुळशीला तांब्या घालून झाला की तळाशी उरलेलं पाणी "घे, तूही घे" म्हणत त्याच्या कुंडीत जातं. संध्याकाळी घरातलं दुसरं कोणीतरी, सकाळचं ठाऊक नसल्यामुळे, पुन्हा घालतं. तीन आठवड्यांत खालची पानं पिवळी पडतात, शेंडे माना टाकतात आणि एकमताने निदान होतं: परदेशी झाड ते, आपली हवा मानवली नाही. तुळस वाळली तर तिला दृष्ट लागलेली असते. ओरेगॅनो वाळला की त्याचा पासपोर्ट काढला जातो. कुंडी उलटी करून मुळं कोणी बघत नाही. बघितली तर ती तपकिरी, बुळबुळीत, कुजक्या वासाची निघतात, आणि मग हवेवर आळ घेणं जरा जड जातं.

पासपोर्टाचा मुद्दा आधी निकालात काढू. ओरेगॅनो भूमध्य समुद्राकाठचा हे खरं, पण तो काश्मीरपासून उत्तराखंडापर्यंत हिमालयाच्या उतारांवरही आपणहून उगवतो. त्यातून मरवा हा त्याचा सख्खा भाऊ; वनस्पतिशास्त्राच्या दप्तरी दोघांचं घराणं एकच, ओरिगॅनम. म्हणजे ज्याच्या भावाला आपण पिढ्यान्‌पिढ्या गजऱ्यात गुंफत आलो, त्याला केवळ पिझ्झाबरोबर पुडीतून आला म्हणून परका ठरवतो आहोत. आणि परकेपणा एवढा नडत असेल, तर पिंपळगाव बसवंतच्या बाजारातला टोमॅटो तरी कुठला? दक्षिण अमेरिकेतून निघालेलं हे फळ आपल्याकडे इतकं रुळलं की भाव पडल्यावर रस्त्यावर ओतलं जातं. यापेक्षा जास्त स्थानिक कोणी काय व्हायचं!

खरा घोटाळा मुळाशी आहे. मुळांना पाण्याइतकीच हवाही लागते. डोंगरउताराच्या दगडगोट्यांत पाणी आलं तसं वाहून जातं, मागे ओल आणि हवा दोन्ही उरतात. कुंडीत चेपलेल्या काळ्या मातीत तेच पाणी मुक्काम ठोकतं, मुळं गुदमरतात, कुजतात. कुजलेल्या मुळांना पाणी ओढता येत नाही, म्हणून वर पानं मलूल. बुडणारं झाड हुबेहूब तहानलेल्या झाडासारखं दिसतं! बघणाऱ्याला दया येते आणि तो झारी उचलतो. पंगतीतला पाहुणा जिलेबी नको असेल तर निदान ताटावर आडवा हात धरतो. याच्याकडे हातच नाहीत, तेव्हा त्याच्या वतीने आपण बोट घालावं. नाशिककरांना ही रीत नवी नाही. गोदावरीच्या पुराचे क्युसेकमधले आकडे आपण ऐकतो, पण पूर समजतो तो नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवरून: कमरेला लागला, छातीला लागला, गळ्याशी आला. 2019 च्या ऑगस्टमध्ये तर मारुती पुरता बुडाला होता. कुंडीतला मारुती म्हणजे आपली तर्जनी. दोन पेरं खोल माती कोरडी लागली तर पाणी द्यावं, आणि द्यायचं तर तळाच्या भोकातून बाहेर येईपर्यंत. बोटाला ओले कण चिकटून आले तर झारी खाली ठेवावी. फरशीवर डाग पडू नये म्हणून कुंडीखाली सारलेल्या बशीकडेही बघावं. तिच्यात पाणी साचू देणं म्हणजे पाहुण्याला जेवण झाल्यावर मोरीतच बसवून ठेवणं.

यावर पहिला आक्षेप ठरलेला: एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीला टेकतो, तेव्हाही बोटंच घालत बसायचं का? हो, तेव्हा तर नक्कीच. लहान कुंडीत बोट रोजसुद्धा 'घाल' म्हणेल, मग रोज घालावं. तक्रार पाण्याबद्दल नसून पंचांगाप्रमाणे पाणी घालण्याबद्दल आहे. दुसरा आक्षेप भावनेचा: झाडाला तहानलेलं ठेवणं क्रूरपणाचं. हे वाक्य सटाणा-देवळ्याकडच्या एखाद्या डाळिंबवाल्यासमोर म्हणून पाहावं. बहार धरण्याआधी तो बागेचं पाणी ठरवून तोडतो, त्याला ताण देणं म्हणतात. त्यानंतर पाणी सोडलं की झाड फुलावर येतं. त्याला कोणी क्रूर म्हणत नाही, बागायतदार म्हणतात. द्राक्षवाला तर ठिबकने लिटर मोजतो. असल्या मोजूनमापून पाणी देणाऱ्या जिल्ह्यात गॅलरीत मात्र अन्नछत्र चालतं. शिवाय ओरेगॅनोचा वास ज्या कार्व्हाक्रॉल नावाच्या द्रव्यामुळे येतो, ते भरपूर उन्हात आणि हात राखून दिलेल्या पाण्यावर चांगलं उतरतं. पाणी पिऊन माजलेलं पान दिसायला गुटगुटीत आणि चवीला दुधीभोपळा. तिसरा आक्षेप जरा वजनदार आहे: तुळसही त्याच कुळातली, मग ती कशी रोजचा तांब्या पचवते? कुळ एक असलं म्हणून पोट एक नसतं. तुळस आपल्या पावसाळ्यात मुरलेली, वृंदावनात तिला मातीही ऐसपैस मिळते. तुलना करायचीच तर पानओव्याशी करावी. त्याची पानं जाड, पाणी साठवणारी, त्यालाही रोजचं पाणी सोसत नाही. तरी मागच्या गॅलरीत फुटक्या बादलीत तो जोमाने फोफावलेला असतो. कारण भज्यांची हुक्की आल्याखेरीज तिकडे कोणी फिरकत नाही.

बाकी व्यवस्था थोडकी आहे. मातीत निम्मी जाड वाळू किंवा बारीक मुरूम, चार-सहा तास ऊन, फुलोरा येण्याआधी शेंडे खुडणं. जून ते सप्टेंबर आभाळच झारी घेऊन बसतं, तेव्हा कुंडी छज्ज्याखाली ओढून घ्यावी. पानं सावलीत वाळवावीत. कोथिंबीर वाळली की संपली, हा वाळल्यावर जास्त बोलतो. अवघड राहतो तो फक्त माणसाचा हात. रोज सकाळी भरलेला तांब्या घेऊन गॅलरीत आलेल्या माणसाला 'आज नको' सांगणं सोपं नाही, तो लगेच दुसरी कुंडी शोधतो. त्याच्यासाठी शेजारी एक अळू लावावं. अळूला कितीही वाढा, ते पान पुढेच करतं, आणि आठवड्याला फदफद्याची सोय होते.