शिक्षेपुरता एक परिच्छेद

‘तुमच्या मते या हाताची मूठ पुन्हा वळेल का?’ एवढा एक प्रश्न सरकारी वकील डॉक्टरांना विचारत नाहीत आणि गंभीर दुखापतीचा गुन्हा अपिलात साध्या दुखापतीवर येतो. कोर्टात मागच्या बाकावर बसून हे मी अनेकदा ऐकलं आहे. दर वेळी तितकाच संताप येतो.

बांधावरच्या मारामारीची नेहमीची केस घ्या. कोयत्याचा वार चुकवायला माणूस हात वर करतो आणि वार मनगटावर बसतो. खालच्या कोर्टात जुन्या दंड संहितेच्या 307 कलमाखाली, म्हणजे खुनाच्या प्रयत्नाबद्दल, शिक्षा होते, आरोपी हायकोर्टात अपील करतो. तिथे सगळा पुरावा पुन्हा चाळला जातो, आणि तो तसा चाळलाच पाहिजे. जखमी साक्षीदाराच्या शब्दाला आपल्याकडे वजन आहे, कारण तो जागेवर होता याबद्दल शंका उरत नाही आणि खऱ्या मारेकऱ्याला सोडून तो दुसऱ्याला कशाला गुंतवेल? पण गावात जुनं वैर असलं की मारणारा एक आणि फिर्यादीत नावं पाच असंही घडतं. म्हणून न्यायाधीशाने एकेक नाव पारखून घ्यायचं. साक्षीदार एका गोष्टीत खोटं बोलला म्हणून त्याची सगळी साक्ष टाकून द्या, असा नियम आपल्या कोर्टांनी कधी मानलेला नाही. पंच फितूर झाले तरी खटला आपोआप कोसळत नाही. इथवर माझी काहीच तक्रार नाही. संशयाचा फायदा आरोपीलाच मिळाला पाहिजे, मग तो मला कितीही नावडता असो.

307 टिकलं नाही की प्रश्न उरतो दुखापतीचा, आणि तक्रार सुरू होते ती एक्सरेपाशी. सर्टिफिकेटवर ‘फ्रॅक्चर’ लिहिलेलं असतं, पण प्लेट कोर्टात आलेलीच नसते आणि रेडिओलॉजिस्टही तपासलेला नसतो. मग हाड मोडल्याचं शाबित झालं नाही, म्हणून हत्याराने केलेल्या गंभीर दुखापतीचं 326 जाऊन साध्या दुखापतीचं 324 येतं. एकात जन्मठेपेपर्यंत शिक्षा, दुसऱ्यात फार तर तीन वर्षं. पण जुन्या दंड संहितेच्या 320 कलमात गंभीर दुखापतीचे आठ प्रकार होते. हाड मोडणं हा त्यातला सातवा. अवयवाची किंवा सांध्याची ताकद कायमची कमी होणं हा पाचवा, आणि त्याला एक्सरेची प्लेट लागत नाही. पिंजऱ्यात उभा राहून माणूस हात पुढे करतो, त्याची तीन बोटं वळत नाहीत आणि ते सगळ्यांना दिसतं. पण त्यावर डॉक्टरांचं मत कुणी घेतलेलं नसतं, न्यायाधीशानेही ते टिपून ठेवलेलं नसतं. हायकोर्टासमोर फक्त कागद जातो. त्या कागदावर हात उमटत नाही.

नव्या भारतीय न्याय संहितेतही हे आठ प्रकार तसेच आहेत. फक्त आठव्यातल्या तीव्र वेदनेच्या वीस दिवसांचे पंधरा झाले. प्रश्न विचारायचा राहिला तर नवा कायदाही तिथेच अडकणार. अपिलात जादा पुरावा घ्यायचा अधिकार कोर्टाला आहे, फौजदारी प्रक्रिया संहितेच्या 391 कलमात तो होता आणि तिच्या जागी आलेल्या नव्या कायद्यातही आहे. सरकार पक्षाच्या चुका झाकण्यासाठी तो वापरू नये हे मला पटतं. पण जो हात साक्षीच्या दिवशी कोर्टाच्या डोळ्यांसमोर होता, त्याबद्दल डॉक्टरांना एकदा बोलावल्याने आरोपीवर कोणता अन्याय होतो?

आणि मग शिक्षा. पुराव्यावर तीस पानं, शिक्षेवर एक परिच्छेद. घटना जुनी आहे, आरोपीचं वय झालं आहे, घरात कमावता तोच, दोघं शेजारी आहेत, सबब भोगली तेवढी शिक्षा पुरे. यातलं प्रत्येक कारण खरं असू शकतं आणि सौम्य शिक्षाही योग्य असू शकते. पण उशीर कोर्टात झाला, त्याचा लाभ एकट्या आरोपीला कसा? ती सगळी वर्षं जखमी माणसानेही काढली. त्याच्या घरातही कमावता तोच होता. अवाजवी सहानुभूतीने कायद्यावरचा विश्वास उडतो, असं सर्वोच्च न्यायालयाने पुनःपुन्हा बजावलं आहे. शिक्षा कशी ठरवावी याची मार्गदर्शक तत्त्वं हवीत, असं फौजदारी न्यायव्यवस्थेतल्या सुधारणांसाठी नेमलेल्या मलिमठ समितीने 2003 साली सांगितलं. वीस वर्षांनी तिन्ही फौजदारी कायदे नव्याने लिहिले गेले, तरी ती तत्त्वं आलीच नाहीत.

जखमीने यावर काय करावं? 2009च्या अखेरीपासून पीडिताला अपिलाचा हक्क आहे. आरोपी सुटला, हलक्या गुन्ह्यात दोषी धरला गेला किंवा भरपाई कमी मिळाली, तर तो अपील करू शकतो. शिक्षा कमी झाली म्हणून मात्र नाही. तो हक्क सरकारचा. आणि सरकारकडे हेलपाटे कुणी घालायचे, तर तीन बोटं न वळणाऱ्या माणसाने. नवा कायदा करताना हे दुरुस्त करता आलं असतं. जुनं वाक्य तसंच उचलून ठेवलं.

उरते भरपाई. हरियाणातल्या एका मारहाणीत जखमीची बोलण्याची शक्ती कायमची गेली होती. 1988 साली सर्वोच्च न्यायालयाने त्याची भरपाई वाढवून 50,000 रुपये केली आणि भरपाई देण्याचा हा अधिकार सढळ हाताने वापरा, असं सगळ्या कोर्टांना सांगितलं. 2013 साली, महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात, त्याच न्यायालयाने आणखी पुढे जाऊन म्हटलं की प्रत्येक फौजदारी खटल्यात भरपाईचा विचार झालाच पाहिजे, आणि दिली नाही तर का नाही याची कारणं नोंदवली पाहिजेत. अपिलाचे निकाल उघडून हा विचार शोधा. बहुतेक वेळा दंडाच्या रकमेतून काही हजार जखमीला द्यावेत, अशी एक ओळ सापडते. त्याचा हात कुठल्या कामाचा होता, तो ऊसतोडीला जायचा की सुतारकाम करायचा, याची चौकशी त्या ओळीत नसते.

अपिलाचा निकाल लागला हे जखमीला कोर्टाकडून कळतंच असं नाही. पुष्कळदा ते चहाच्या टपरीवर कळतं, आरोपी समोरून चालत आला की.