फेरारातला सायकलवीर

फेरारा शहरात सायकलवीर ओळखायला काही कष्ट पडत नाहीत. डोक्यावर हेल्मेट दिसलं की तो सायकलवीर. बाकीचे सगळे नुसते सायकलवर बसलेले लोक.

हे बाकीचे म्हणजे गावकरी. बोलोन्याच्या उत्तरेला, पो नदीच्या सपाट मुलखात वसलेल्या या गावाला इटलीत सायकलींचं शहर म्हणतात, आणि ते नाव काही जाहिरातीसाठी काढलेलं नाही. इथे चढ नाही, उतार नाही, आणि जुन्या गावात मोटारींना फारसा थाराही नाही. त्यामुळे वकील कोर्टात, पोरं शाळेत आणि सत्तरीच्या आजीबाई बाजारात सायकलवरूनच जातात. आजीबाईंची सायकल जवळजवळ त्यांच्याच वयाची असते. ब्रेकला तारेऐवजी लोखंडी सळया, पुढे वेताची टोपली, टोपलीत भोपळा नाहीतर कुत्रा. आजीबाई पाठ ताठ ठेवून बसतात, पाऊस आला तर एका हाताने छत्री उघडतात आणि त्याच अवस्थेत पलीकडच्या फुटपाथवरच्या मैत्रिणीशी डॉक्टरांच्या तपासण्यांबद्दल बोलतात. साध्या सायकलला इटलीत हेल्मेटची सक्ती नाही. घंटी मात्र कायद्याने लागते, पण ती वाजवायची गरज आजीबाईंना सहसा पडत नाही. लोकच बाजूला होतात.

सायकलवीर बाहेरगावचा. ‘तीन तासांत ऐतिहासिक फेरारा, सायकलवरून, गाईडसह’ अशी सहल त्याने आधीच ठरवून ठेवलेली असते. वयाने तो पन्नाशीच्या पलीकडे गेलेला असतो आणि सायकलवर शेवटचा बसलेला असतो कॉलेजात. पण ‘सायकल एकदा आली की जन्मात विसरत नाही’ हे वाक्य त्याने सकाळी न्याहारीच्या टेबलावर बायकोला दोनदा ऐकवलेलं असतं. बायको काही बोलत नाही. तिला सायकल येते.

खरा तमाशा सुरू होतो तो दुकानात, सायकल ताब्यात घेताना. दुकानदार त्याच्या पोटाकडे आणि पायांकडे एक नजर टाकतो आणि लेडीज सायकल पुढे करतो. फेरारात पुरुषही मधली दांडी नसलेल्या सायकली बिनदिक्कत चालवतात, पण सायकलवीराच्या पौरुषाला ठेच लागते. ‘जेन्ट्स नाही का?’ असं तो विचारतो. मग गिअर किती आहेत ते विचारतो. तीन, असं उत्तर येतं. तीनच? घरी त्याच्या पोराच्या सायकलला एकवीस आहेत. चढ आला तर काय करायचं? गाईडबाई अत्यंत गंभीरपणे सांगतात की चढ एकच आहे, तटबंदीवर जायचा, आणि तो आला की मी आधी सूचना देईन. मग सायकलवीर सीट वर करून घेतो, खाली करून घेतो, पुन्हा अर्धा इंच वर करून घेतो. शेवटी हँडल धरून दोन पावलं पळतो आणि पूर्वीच्या सवयीने मागून टांग मारतो. दांडी नसलेल्या सायकलवर टांग मारायचं काही कारण नसतं. त्याचा बूट शेजारच्या सायकलच्या कॅरियरला लागतो, ती सायकल तिच्या शेजारणीवर पडते आणि स्टँडवर ओळीने लावलेल्या सायकली एकामागून एक, कुणालाही न दुखावता, शांतपणे आडव्या होतात. दुकानदार त्या उचलतो. त्याचा चेहरा अजिबात बदलत नाही, यावरून हे रोजचंच असावं असं समजतं.

मग बाराजणांची रांग निघते. ती मालगाडीसारखी चालते. इंजिन सुटल्यावर बऱ्याच वेळाने शेवटचा डबा हलतो, आणि इंजिन थांबलं की डबे एकमेकांवर आपटत थांबतात. सायकलवीर हा शेवटचा डबा. गाईडबाई पहिल्या मुक्कामावर थांबून बोलायला लागतात तेव्हा तो अजून मागच्या चौकात एका व्हॅनला आधी जाऊ देत असतो. तो पोचतो, स्टँड शोधतो, ते पायाने खाली पाडतो, सायकल कलते, ती सावरतो आणि मान वर करतो, तेव्हा गोष्ट संपत आलेली असते. अशा रीतीने सायकलवीराला फेराराचा सहाशे वर्षांचा इतिहास कळतो, पण फक्त शेवट.

पहिला मुक्काम एस्ते घराण्याचा किल्ला. गावाच्या ऐन मध्यात, चार बुरुजांचा, लाल विटांचा आणि आजही खंदकात पाणी असलेला. सायकलवीराच्या कानावर पडतं ते एवढंच : ‘...आणि दोघांचीही मुंडकी उडवण्यात आली.’

‘कुणाची?’ तो शेजारणीला विचारतो. पण गाईडबाई निघालेल्या असतात.

आता वाचकांना सायकल सावरायची नसल्यामुळे सगळं सांगायला हरकत नाही. १३८५ च्या मे महिन्यात करांनी गांजलेले लोक चवताळून उठले आणि तोम्माझो दा तोर्तोना या कर लावणाऱ्या अधिकाऱ्याची त्यांनी खांडोळी केली. राज्यकर्ता निकोलो दुसरा याने त्यातून योग्य तो धडा घेतला. कर राहिलेच आणि सप्टेंबरात किल्ल्याचं काम सुरू झालं, शत्रूंसाठी कमी, स्वतःच्या प्रजेसाठी जास्त. मुंडक्यांची गोष्ट पुढची, १४२५ ची. निकोलो तिसरा याची तरुण बायको पारिझिना आणि त्याचा अनौरस मुलगा उगो यांचं प्रेम जमलं. दोघंही विशीतली. निकोलोने दोघांचाही शिरच्छेद करवला. खुद्द निकोलोची अनौरस संतती इतकी होती की पोच्या दोन्ही काठांवर त्याचीच मुलं आहेत असं लोक म्हणत. पण नीतीचा प्रश्न आला की राजेलोक स्वतःपासून सुरुवात करत नाहीत.

याच किल्ल्यात जुलिओ देस्ते त्रेपन्न वर्षं कैदेत होता. मूळ भानगड त्याच्या डोळ्यांची. आन्जेला बोर्जा नावाच्या सुंदर मुलीला ते आवडले, आणि तसं तिने बोलून दाखवलं ते नेमकं जुलिओच्या भावासमोर, कार्डिनल इप्पोलितोसमोर. कार्डिनलने डोळ्यांवरच मारेकरी घातले. राज्यकर्ता आल्फोन्सो हाही भाऊच, पण त्याने कार्डिनलला म्हणावी तशी शिक्षा केली नाही. मग जुलिओने फेर्रान्ते या आणखी एका भावाला हाताशी धरून दोघांविरुद्ध कट केला. तो १५०६ मध्ये उघडकीला आला आणि दोघेही किल्ल्यात गेले. फेर्रान्ते तिथेच मेला. जुलिओ १५५९ मध्ये सुटला तेव्हा ऐंशी ओलांडलेला होता आणि पन्नास वर्षांपूर्वीच्या फॅशनचे कपडे घालून रस्त्यावर आला, असं सांगतात. हे कार्डिनल इप्पोलितो म्हणजेच कवी आरिओस्तोचे आश्रयदाते. ‘ओर्लान्दो फुरिओसो’ हे इटलीचं थोर काव्य १५१६ मध्ये त्यांनाच अर्पण झालं आहे. नोकरी म्हटली की कवीलाही अर्पणपत्रिका जपून लिहावी लागते.

किल्ल्याशेजारी हात उंचावून उभा असलेला साधूचा पुतळा आहे. सायकलवीर पोचतो तेव्हा ऐकू येतं, ‘...आणि त्याला चौकात जाळलं.’ हा साव्होनारोला, जन्म फेरारातला, १४५२ चा, आणि जाळला तो फ्लॉरेन्सला, १४९८ मध्ये. चौक दुसऱ्या गावचा होता हे न कळल्यामुळे सायकलवीर पायाखालच्या फरशीचा फोटो काढतो.

यापुढे गाईडबाई गटाला व्हिया देल्ले व्होल्तेत नेतात. एके काळी पोचं पात्र इथून जवळून वाहत असे. व्यापाऱ्यांची घरं आणि वखारी समोरासमोर होत्या आणि त्यांना जोडणाऱ्या कमानी गल्लीच्या डोक्यावरून जात होत्या. त्या कमानी अजून आहेत. दृश्य अप्रतिम, पण सायकलवीराला ते दिसत नाही, कारण ही गल्ली नदीतल्या गोल गोट्यांची फरसबंदी केलेली आहे. गोट्यांवरून सायकल गेली की आधी घंटी आपोआप वाजायला लागते, मग मडगार्ड, मग दात. चष्मा नाकाच्या टोकावर येतो आणि तो वर सारायला हात मोकळा नसतो. गावकऱ्यांना गोट्यांच्या कडेची गुळगुळीत पट्टी नेमकी माहीत असते. त्या वीतभर पट्टीवरून ते पाण्यासारखे निघून जातात. सायकलवीराला ती पट्टी सापडते तेव्हा समोरून एक आजीबाई येत असतात. पट्टी एक, सायकली दोन. कोण गोट्यांवर उतरतं हे सांगायला नको.

सायकलवीरांच्या या जातीत पोटजातीही आहेत. जर्मन सायकलवीर सीटचं जेल भरलेलं कव्हर घरून आणतो. अमेरिकन सायकलवीर दर मुक्कामाला एकूण किती मैल झाले ते विचारतो. डच माणूस गटात असला तर तो वीर नसतोच. तो हात सोडून सायकल चालवत नकाशा बघतो आणि सगळ्यांच्या मनातून उतरतो. पुणेकर सायकलवीराला मात्र इथे विशेष चेव येतो, कारण पुण्यालाही एके काळी सायकलींचं शहर म्हणत. तो गाईडबाईंना सायकलच्या हँडलखालचा पालिकेचा बिल्ला, चाकाला घासणारा डायनॅमो, दिवा नसला की पकडणारा हवालदार, आणि डबलसीट जाताना हवालदार दिसला की मागच्याने टुणकन उडी मारून अनोळखी माणसासारखं चालू लागायची पद्धत, हे सगळं इंग्रजीतून आणि हातवाऱ्यांतून समजावून देतो. हातवाऱ्यांसाठी हँडल सोडावं लागतं, म्हणून मागून ‘अहो, पुढे बघा!’ असा आवाज येतो. गाईडबाई मन लावून ऐकतात आणि विचारतात, ‘मग तुम्ही तिथे अजून सायकल चालवता?’ ‘छे हो,’ पुणेकर म्हणतो, ‘ट्रॅफिक केवढं असतं!’

किल्ल्याच्या उत्तरेला गाव बदलतं. गल्ल्यांची वळणं संपतात आणि एक किलोमीटरहून लांब, सुतासारखा सरळ रस्ता तटबंदीपर्यंत जातो. एर्कोले पहिला या ड्यूकने १४९२ मध्ये बियाजो रोस्सेत्ती या वास्तुकाराला हाताशी धरून गावाची ही नवी वाढ आखली आणि फेराराचं क्षेत्र दुपटीहून मोठं झालं. गाव वाढल्यावर मग आराखडा शोधायचा, ही पद्धत तेव्हा तिथे ठाऊक नसावी. याकोब बुर्कहार्ट या इतिहासकाराने १८६० मध्ये फेराराला युरोपातलं पहिलं आधुनिक शहर म्हटलं, त्यात या रस्त्यांचा वाटा मोठा. युनेस्कोने १९९५ मध्ये जुनं फेरारा जागतिक वारशाच्या यादीत घातलं.

या रस्त्यावरच्या पालात्सो देई दियामान्तीच्या भिंती साडेआठ हजारांच्या आसपास टोकदार, हिऱ्यासारख्या घडवलेल्या संगमरवरी दगडांच्या आहेत. सकाळच्या तिरप्या उन्हात प्रत्येक दगड वेगळा उजळतो, आणि पाहणारा सायकलवरून पुढे सरकत असेल तर सगळी भिंतच हलल्यासारखी वाटते. सायकलवरून बघायलाच जणू ही इमारत बांधली आहे. सायकलवीर मात्र पुढच्याच्या मडगार्डवर नजर खिळवून तिच्यापुढून जातो आणि पोचतो तेव्हा ऐकतो, ‘...पण तो अजून कुणालाही सापडलेला नाही.’ यातल्या एका दगडात खरा हिरा लपवलेला आहे अशी दंतकथा आहे. ते न कळताही तो सगळ्यांबरोबर दगड चाचपून बघतो. हे मात्र त्याला छान जमतं.

रस्त्याच्या टोकाशी गाईडबाईंचा आवाज उतरतो. जोर्जो बास्सानीची ‘फिन्त्सी-कोन्तिनींची बाग’ ही १९६२ ची कादंबरी याच रस्त्यावर घडते. १९३८ च्या वंशभेदी कायद्यांनंतर टेनिस क्लबातून काढून टाकलेली ज्यू तरुण मंडळी एका श्रीमंत ज्यू कुटुंबाच्या बागेतल्या कोर्टावर खेळायला जमतात, आणि येतात ती सायकलींवरून. दिग्दर्शक दे सिकाने १९७० मध्ये तिच्यावर सिनेमा काढला, त्याला ऑस्कर मिळालं. पुढे काय झालं हे कादंबरी सुरुवातीलाच सांगून टाकते : त्या कुटुंबाला जर्मनीत नेण्यात आलं. स्वतः बास्सानी १९४३ मध्ये काही काळ फेराराच्या तुरुंगात होता. त्या तुरुंगाच्या जागी आज इटलीतल्या ज्यूंच्या इतिहासाचं संग्रहालय आहे. कादंबरी वाचून आलेले लोक वर्षानुवर्षं इथे त्या बागेचा पत्ता विचारत असतात. सायकलवीर धापा टाकत पोचतो तो नेमका शेवटच्या वाक्याला : ‘...अशी बाग इथे कधी नव्हतीच.’

‘मग आपण बघतोय काय?’ तो विचारतो. या वेळी कुणी हसत नाही, आणि गाईडबाई त्याच्यासाठी सगळी गोष्ट पहिल्यापासून पुन्हा सांगतात. त्याने ऐकलेली ही एकमेव पूर्ण गोष्ट. ती ऐकताना तो स्टँडही शोधत नाही. सायकल मांडीला टेकवून तसाच उभा राहतो.

मग येतो तो चढ. गावाभोवतीच्या नऊ किलोमीटर तटबंदीवर झाडांच्या सावलीतून जाणारी वाट आहे आणि तिथे चढून जायला मातीचा एक लहानसा उतार. गाईडबाई कबूल केल्याप्रमाणे सूचना देतात. सायकलवीर पहिला गिअर टाकतो, हँडलवर वाकतो, अर्ध्यावर त्याचा वेग शून्याला येतो आणि तो उतरून सायकल ढकलायला लागतो. डावीकडून बायको जाते. उजवीकडून, टोपलीतल्या कुत्र्यासकट, एक आजीबाई जातात. कुत्रा मागे वळून बघतो.

संध्याकाळी भोपळ्याचं सारण भरलेले काप्पेल्लाच्ची खाताना तो घरी फोन लावतो. फेरारा भारी आहे म्हणतो, पण लोक फार हिंसक, आणि गावात हिरा हरवलाय. सायकलचं विचारलं तर म्हणतो, जमली, सायकल कुठे कुणी विसरतो का. बायको पुढच्या काप्पेल्लाच्चीकडे वळते.

फेराराला जाणाऱ्यांसाठी : बोलोन्याहून रेल्वेने साधारण अर्धा तास लागतो. जुलै-ऑगस्टात पोच्या खोऱ्यातला उकाडा आणि डास दोन्ही सोसावे लागतात, तेव्हा एप्रिल-मे किंवा सप्टेंबर बरा. गाईडसहची सहल जरूर घ्या, पण रांगेत गाईडच्या लगेच मागची जागा पकडा. आणि दुसऱ्या दिवशी तीच सायकल पुन्हा भाड्याने घेऊन एकट्याने निघा. दियामान्तीची भिंत सकाळी बघायची असते.