आजीवन तेल, घरपोच भरणा

ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचे तेल पूर्वी मालकच तपासत असे: इंजिन चालू ठेवून पट्टी ओढायची, पुसायची, पुन्हा बुडवून पातळी पाहायची. अनेक नव्या गाड्यांतून पट्टीच काढून टाकल्याने हे कष्ट वाचले. तेल आता ‘आजीवन’ असते. जीवन कोणाचे, यावर पुस्तिका सभ्य मौन पाळते.

श्रीपेरुंबुदूर, ओरगडमच्या कारखान्यांमुळे मोटारनगरी ठरलेल्या चेन्नईत गिअरबॉक्सचा भरणाही घरपोच होतो. डिसेंबर २०१५ आणि डिसेंबर २०२३च्या पुरांत पाणी तळमजल्यावरच्या पार्किंगपर्यंत स्वतः आले. गिअरबॉक्सच्या हवानळीतून ते आत शिरले की लालसर तेल दुधट गुलाबी होते आणि पातळी कमी असल्याची तक्रार कायमची मिटते.

काही कृतघ्न रहिवासी मात्र पावसाचा इशारा मिळताच गाड्या वेळचेरीच्या उड्डाणपुलावर नेऊन लावतात.