सहा सेंटिमीटरचे बाबा

बायकोला पाचवा महिना लागला की पुण्यातला एक विशिष्ट जातीचा तरुण खिशात मोजायची टेप घालून हिंडू लागतो. एरवी स्वतःच्या शर्टाचं माप तो बायकोला विचारतो. पण आता बाळासाठी पाळणा घ्यायचाय, आणि त्या विषयावर रात्री दीड-दीडपर्यंत जागून त्याने एवढं वाचलेलं असतं की डॉक्टरीणबाईसुद्धा त्याला पाहून पुढचा पेशंट आत बोलावतात.

दुकानात शिरल्यावर तो रंग बघत नाही, किंमत विचारत नाही. थेट कॉटसमोर गुडघ्यांवर बसतो. दुकानदाराला वाटतं, गिऱ्हाईक भाविक दिसतंय.

“सागवान आहे साहेब. तीन पिढ्या टिकेल.”

“दोन गजांमध्ये अंतर किती?”

“हवा खेळती राहील इतकं.”

मग पिशवीतून कोल्ड्रिंकचं कॅन निघतं. गजांमध्ये सहा सेंटिमीटरपेक्षा जास्त फट नको, कारण बाळाचं अंग त्यातून निसटतं आणि डोकं अडकतं. कॅन आरपार गेलं की कॉट बाद. त्यातही कॅन जुन्या वळणाचं, जाड हवं. हल्लीचं सडपातळ कॅन चांगल्या कॉटमधूनही जातं, हे तो दुकानदाराला समजावून सांगतो. दुकानदार शांतपणे म्हणतो, “सामान ठेवायला खाली वेगळा कप्पा आहे, साहेब.”

दुसऱ्या कॉटची एक बाजू खाली सरकते. आईला वाकायला नको म्हणून दुकानदार कौतुकाने ती सरकवून दाखवतो. हा दचकतो. ती बाजू खिळखिळी झाली की बाळ फटीत अडकतं, म्हणून 2011 साली अमेरिकेत असल्या कॉटची विक्रीच बंद झाली! “पण हा अमेरिकेचा नाहीच,” दुकानदार दिलासा देतो, “उल्हासनगरचा आहे.”

झुलत्या पाळण्यापाशी तर प्रसंगच ओढवतो. कड्या किती पक्क्या आहेत ते बघायला हा पाळण्याला झोका देतो, आणि सोबत आलेली आई भर दुकानात ओरडते, “अरे, रिकामा पाळणा हलवू नये!” शास्त्राचा मान राखायला तो समोरच्या वाण्याकडून पाच किलो आंबेमोहोर आणतो आणि तांदळाला जोजवतो. पाळणा पास होतो, पण तिरका होतो म्हणून नापासही होतो. तिरक्या जागी बाळाची मान छातीवर येऊन श्वास कोंडतो. मग साडीची झोळी तर विचारायलाच नको.

“तू झोळीतच वाढलास,” आई.

“म्हणून माझी मान अशी पुढे आलीय.”

“ती लॅपटॉपने.”

शेवटी जाळीच्या बाजूंचं, सपाट, लाकडी फळीइतक्या कडक गादीचं एक बॅसिनेट घरी येतं. गादी आणि कड यांच्या मधे दोन बोटं शिरत नाहीत, याची खात्री तो स्वतःची, बायकोची आणि सोसायटीच्या वॉचमनची बोटं घालून करतो.

खरी लढाई पुढेच आहे, कारण पहिलं बाळंतपण माहेरी, सांगलीला. तिथे बाळंतविडा तयार असतो: मऊ गोधड्या, दोन्ही कडांना लावायचे लोड, वर चिमणाळं, आणि डोक्याला आकार यावा म्हणून मोहरीची उशी. जावई गाडीच्या टपावर बॅसिनेट बांधून पोचतो आणि जाहीर करतो की बाळ उताणं झोपेल आणि आत बाळाखेरीज काही नसेल. उशी नाही, लोड नाही, गोधडी नाही.

“जावईबापू,” सासूबाई हळूच विचारतात, “बाळ ठेवायला तरी परवानगी आहे ना?”

वाईट हे की त्याचं सगळं बरोबर असतं. 1994 साली अमेरिकेत बाळांना उताणं झोपवायची मोहीम निघाली, आणि झोपेतच दगावणाऱ्या बाळांचं प्रमाण काही वर्षांत जवळपास निम्म्यावर आलं. कडेचे मऊ लोड तिथे 2022 साली कायद्यानेच बंद केले. मऊ उशीत नाक रुतलं तर तान्ह्या जिवाला मान वळवता येत नाही, ओरडताही येत नाही. पण बरोबर असलेल्या माणसाला बाळंतिणीच्या खोलीत कोण विचारतो? त्यातून हा माणूस उगाच घाबरट नाही. नऊ महिने सगळं दुसऱ्याच कुणाच्या पोटात घडत असताना याला मोजता येण्याजोगं तेवढं एकच सापडलेलं असतं.

तह होतो. बारसं माळ्यावरच्या वडिलार्जित पाळण्यात, झेंडूच्या माळा लावून. पाळण्याच्या फटी आठ सेंटिमीटर, तेव्हा बाबा पूर्ण वेळ पाळण्याला खेटून उभा. आलेल्या बायकांना वाटतं, काय हौस! रात्री मात्र बॅसिनेट, तेही आईच्या पलंगाशेजारीच. चौथ्या-पाचव्या महिन्यात बाळ कुशीवर वळू लागलं की बॅसिनेटची मुदत संपते, आणि टेप घेऊन मोठ्या कॉटच्या शोधात बाबा पुन्हा मोकळा.

मोहरीची उशी देवघराच्या कोनाड्यात जाते. सासूबाई महिनाभर काही बोलत नाहीत. मग एके दिवशी शेजारची लेक माहेरी बाळंत होते आणि सासूबाईंचा खणखणीत आवाज भिंतीपलीकडून ऐकू येतो, “अगं, उशी कसली देतेस तान्ह्याला? उताणं निजव, उताणं. आमच्या घराण्यात पहिल्यापासून हीच रीत.”