भांडण कापा, मिठी ठेवा

धर्माधर्मांतल्या संवादावर माहितीपट लिहायचा म्हणजे एक मोठी पंचाईत असते. कॅमेऱ्यासमोर कुणी भांडतच नाही. स्वामीजी, मौलाना, फादर ओळीने बसतात, शाली पांघरल्या जातात आणि जो तो माइक जवळ ओढून सांगतो, सगळे धर्म शेवटी एकच शिकवतात. एकच शिकवत असतील तर शालही एकीतच भागवायची!

अशा वेळी मला एकनाथांचा हेवा वाटतो. सोळाव्या शतकात पैठणला बसून त्यांनी ‘हिंदू-तुर्क संवाद’ रचला. नाव संवाद, पण दोघं सुरुवातीपासून एकमेकांची उणीदुणी काढतात. तुर्क ब्रह्मदेवाला त्याच्या मुलीवरून धारेवर धरतो. हिंदू विचारतो, पाचच वेळा देवाच्या, मग उरलेल्या वेळा कुणी चोरून नेल्या काय? आणि देव फक्त पश्चिमेलाच राहतो का? तुर्क बोलतो तेही त्याच्या दख्खनी वळणाच्या हिंदीत. नाथांचे गुरू जनार्दनस्वामी देवगिरीच्या किल्ल्यावर निजामशाहीच्या चाकरीत होते, असं परंपरा सांगते. ती बोली नाथांच्या कानावर तिथेच पडली असणार. मला विशेष वाटतं ते हे, की तुर्काचे टोमणेही चांगले धारदार आहेत. स्वतःच्या बाजूचा माणूस जिंकावा म्हणून समोरच्याला बावळट करायचा मोह नाथांनी टाळला. आम्हा पटकथावाल्यांना हे क्वचितच जमतं. यथेच्छ भांडून झाल्यावर दोघं एकमेकांना नमस्कार करतात आणि मिठी मारतात.

न भांडताही जमतं म्हणा. आषाढवारीत तुकोबांची पालखी देहूतून निघाली की अनगडशाह बाबांच्या दर्ग्यापाशी थांबते. तिथे अभंग होतो, आरती होते. सलोख्यावर भाषण मात्र कुणी ठोकत नाही, कारण आकुर्डीचा मुक्काम गाठायचा असतो.

माझ्या संहितेत मी नाथांचं भांडण जसंच्या तसं घातलं. निर्मात्यांनी वाचून फोन केला.

“अहो, फार छान झालंय. फक्त तेवढं भांडण काढा. मिठी ठेवू.”

“पण मग ती मिठी मारतात कशाबद्दल?”

ते क्षणभर थांबले.

“असं करा, दोघांना आधी शाली द्या.”